विश्लेषण : हेलियमचा शोध खरेच विजयदुर्ग किल्ल्यावर लागला का? काय सांगते नॉर्मन लॉकियर यांचे चरित्र?

दरवर्षी १८ ऑगस्ट जवळ आला की मोबाइलवर एक मेसेज फिरू लागतो. सिंधुदुर्ग जिल्ह्यातील विजयदुर्ग किल्ल्यावरून १८६८ मध्ये नॉर्मन लॉकियर या इंग्रज शास्त्रज्ञाने खग्रास सूर्यग्रहण पाहिले आणि तेथेच हेलियमचा शोध लागला, असे त्यात म्हटलेले असते. किल्ल्यावर 'साहेबाचे ओटे' दाखवले जातात, हेलियम दिनही साजरा होतो.

यातील काही भाग खरा आहे आणि काही नाही. लॉकियर विजयदुर्गावर आले होते, हे खरे. पण ते आले १८९८ मध्ये, म्हणजे त्या ग्रहणानंतर तब्बल ३० वर्षांनी. मग १८६८ मध्ये ते कुठे होते? हेलियम नेमका कुणी शोधला? आणि विजयदुर्गाचे महत्त्व त्यामुळे कमी होते का? या प्रश्नांची उत्तरे लॉकियर यांच्या आयुष्यातच सापडतात.

लॉकियर कोण होते?

जोसेफ नॉर्मन लॉकियर यांचा जन्म १७ मे १८३६ रोजी इंग्लंडमधील रग्बी या गावी झाला. वडील वैद्यकीय व्यवसायात होते. लॉकियर यांनी मात्र कोणत्याही विद्यापीठातून विज्ञानाची पदवी घेतली नाही. १८५७ मध्ये ते लंडनमध्ये ब्रिटिश युद्ध खात्यात कारकून म्हणून लागले. दिवसा फायली आणि रात्री दुर्बीण, असा त्यांचा दिनक्रम होता. घरसंसार मोठा होता, पगार बेताचा होता. त्यामुळे ते नियतकालिकांत विज्ञानविषयक लेखनही करत.

सुरुवातीला त्यांना चंद्र आणि मंगळाचा नाद होता. १८६० च्या सुमारास विज्ञानात एक नवे साधन आले आणि त्यांचे लक्ष सूर्याकडे वळले. ते साधन म्हणजे स्पेक्ट्रोस्कोप, मराठीत वर्णपटदर्शक.

वर्णपटदर्शकाने नेमके काय कळते?

लोलकातून प्रकाश गेला की त्याचे रंग वेगळे होतात, हे शाळेत आपण पाहिलेले असते. वर्णपटदर्शक हेच काम बारकाईने करतो. एखादे मूलद्रव्य तापवून वायुरूपात चमकवले, की त्याच्या प्रकाशात सलग इंद्रधनुष्य दिसत नाही. ठरावीक जागी ठरावीक रंगाच्या रेघा दिसतात. मीठ ज्योतीत टाकले की ज्योत पिवळी होते, कारण मिठातील सोडियम पिवळ्या भागात दोन अगदी जवळच्या रेघा देतो. प्रत्येक मूलद्रव्याच्या रेघांचा नमुना वेगळा असतो. आजच्या भाषेत सांगायचे तर तो त्याचा बारकोडच.

जर्मनीत रॉबर्ट बुन्सेन आणि गुस्ताव किर्शहॉफ यांनी ही पद्धत पक्की केली आणि लगेच १८६० मध्ये सीझियम, तर १८६१ मध्ये रुबिडियम ही नवी मूलद्रव्ये शोधून दाखवली. प्रकाश पाहून पदार्थ ओळखता येतो, हे त्यातून सिद्ध झाले. मग १५ कोटी किलोमीटर दूर असलेल्या सूर्यात काय आहे, तेही ओळखता येणार होते. नमुना हातात असण्याची गरज उरली नव्हती.

ग्रहणाशिवाय सूर्याच्या ज्वाला पाहण्याची युक्ती काय होती?

खग्रास ग्रहणात चंद्र सूर्यबिंब झाकतो, तेव्हा कडेला लालसर ज्वाला दिसतात. त्या कशाच्या आहेत, हे त्या वेळी ठाऊक नव्हते. अडचण अशी की त्या दिसत फक्त ग्रहणात, तेही काही मिनिटे. एरवी आकाशाच्या उजेडात त्या बुडून जातात.

लॉकियर यांनी १८६६ मध्ये एक कल्पना मांडली. आकाशाचा उजेड सर्व रंगांचा असतो. वर्णपटदर्शकातून तो जितका फाकवाल तितका फिका होत जातो. ज्वाला जर तप्त वायूच्या असतील, तर त्यांचा प्रकाश मोजक्या रेघांतच एकवटलेला असणार. तो फाकवला तरी रेघा तितक्याच ठळक राहणार. म्हणजे पुरेसा ताकदवान वर्णपटदर्शक असेल, तर भरदिवसा, ग्रहण नसतानाही ज्वालांच्या रेघा दिसायला हव्यात.

कल्पना बरोबर होती, पण हाती तसे उपकरण नव्हते. सरकारी निधीतून रॉयल सोसायटीमार्फत पैसे मिळाले, मात्र उपकरण तयार व्हायला फार वेळ लागला. ते हाती आले ऑक्टोबर १८६८ मध्ये. तोपर्यंत भारतात ग्रहण होऊनही गेले होते.

१८ ऑगस्ट १८६८ रोजी भारतात काय घडले?

त्या दिवशीच्या ग्रहणाचा खग्रास पट्टा पश्चिम किनाऱ्यावरून शिरून दख्खन ओलांडत मछलीपट्टणमकडे गेला. भारतात अनेक ठिकाणी निरीक्षणाची तयारी झाली होती. फ्रान्सचे पिअर जानसेन आणि ब्रिटिश अधिकारी जेम्स टेनंट गुंटूरला होते. मद्रास वेधशाळेचे नॉर्मन पॉगसन मछलीपट्टणमला, तर जॉन हर्शेल जमखंडीला होते. लॉकियर यांचे नाव या यादीत कुठेच नाही. ते लंडनमध्ये होते.

ज्वालांच्या प्रकाशात ठळक रेघा दिसल्या आणि त्या तप्त वायूच्या, मुख्यतः हायड्रोजनच्या आहेत हे स्पष्ट झाले. पिवळ्या भागातही एक ठळक रेघ होती. बहुतेकांनी ती सोडियमची मानली.

जानसेन यांच्या मनात मात्र वेगळेच आले. या रेघा इतक्या तेजस्वी आहेत, तर त्या ग्रहण संपल्यावरही दिसायला हव्यात. दुसऱ्या दिवशी, १९ ऑगस्टला त्यांनी गुंटूरमध्ये लख्ख उन्हात उपकरण सूर्याच्या कडेवर लावले आणि रेघा दिसल्या. लॉकियर दोन वर्षे ज्याची वाट पाहत होते, ते जानसेन यांनी एका रात्रीत साधले होते. पण तारेच्या आणि टपालाच्या त्या काळात ही बातमी लंडनला पोहोचली नव्हती.

मग लॉकियर यांचा वाटा कोणता?

२० ऑक्टोबर १८६८ रोजी लॉकियर यांनी आपल्या दुर्बिणीला नवे उपकरण जोडले आणि लंडनच्या आकाशातून ग्रहणाशिवाय ज्वालांच्या रेघा पाहिल्या. त्यांनी ही माहिती पॅरिसच्या विज्ञान अकादमीलाही कळवली. जानसेन यांचे भारतातून निघालेले पत्र महिनाभराचा प्रवास करून तेथे पोहोचले होते. २६ ऑक्टोबरच्या एकाच बैठकीत दोघांचेही निवेदन वाचले गेले. श्रेयावरून भांडण होण्याची पूर्ण शक्यता होती, पण ते झाले नाही. दोघे पुढे मित्र झाले. १८७२ मध्ये फ्रेंच सरकारने दोघांच्या चेहऱ्यांचे एकच पदक काढले.

हे पदक ज्वाला पाहण्याच्या पद्धतीसाठी होते, हेलियमसाठी नव्हे. अनेक मेसेजमध्ये इथेच गल्लत होते.

पिवळी रेघ सोडियमची का नव्हती?

जानसेन यांचे काम ज्वाला पाहण्यापाशी थांबले, तर लॉकियर पिवळ्या रेघेच्या मागे लागले. सोडियमच्या दोन रेघांना डी-१ आणि डी-२ म्हणतात. आजच्या मापात त्या ५८९.६ आणि ५८९.० नॅनोमीटरवर येतात. लॉकियर यांना दिसणारी रेघ ५८७.६ च्या आसपास होती. फरक जेमतेम दीड-दोन नॅनोमीटरचा. ग्रहणाच्या धावपळीत तो निसटणे साहजिक होते. लॉकियर यांना मात्र आता ग्रहणाची गरज नव्हती. ऊन पडेल तेव्हा ते पुन्हा पुन्हा मोजू शकत होते. नोव्हेंबर १८६८ पर्यंत त्यांची खात्री झाली की ही रेघ सोडियमच्या जागेवर बसत नाही. तिला डी-३ हे नाव पडले.

मग ती कुणाची? पहिला संशय हायड्रोजनवर होता. दाब आणि तापमान बदलले तर हायड्रोजन अशी रेघ देतो का, हे तपासण्यासाठी लॉकियर यांनी रसायनशास्त्रज्ञ एडवर्ड फ्रँकलंड यांच्यासोबत प्रयोगशाळेत प्रयोग केले. पिवळी रेघ काही आली नाही. पृथ्वीवरच्या कोणत्याच ज्ञात मूलद्रव्याशी ती जुळेना.

हेलियम हे नाव कसे पडले?

लॉकियर यांचा निष्कर्ष धाडसी होता. सूर्यात असे एक मूलद्रव्य आहे, जे पृथ्वीवर अजून कुणाला सापडलेले नाही. ग्रीक भाषेत सूर्याला हेलिओस म्हणतात, त्यावरून हेलियम. शेवटचे 'इयम' हे सोडियम, पोटॅशियमसारख्या धातूंच्या नावात येते. हे मूलद्रव्य धातू असावे, असा तेव्हा समज होता. प्रत्यक्षात तो निघाला वायू, पण नाव तसेच राहिले.

हे नाव जाहीरपणे आले १८७१ मध्ये, एडिंबरा येथील ब्रिटिश असोसिएशनच्या अधिवेशनात. अध्यक्ष विल्यम थॉमसन, म्हणजे पुढचे लॉर्ड केल्व्हिन यांनी भाषणात त्याचा उल्लेख केला आणि श्रेय फ्रँकलंड व लॉकियर यांना दिले. गंमत म्हणजे फ्रँकलंड यांना स्वतःला हे पटलेले नव्हते. या दाव्याशी आपले नाव जोडले जाणे त्यांना नको होते. लॉकियर एकटे पडले.

शंका घेणाऱ्यांचे चुकले होते का?

नाही. आज मागे वळून पाहताना लॉकियर बरोबर होते असे सहज म्हणता येते. पण त्या काळात शंका घेणे रास्तच होते. एका रेघेवरून मूलद्रव्य जाहीर करायचे, ना ते बाटलीत, ना त्याचे वजन माहीत, ना रासायनिक गुणधर्म.

हाच तर्क इतर दोन ठिकाणी चुकला. तेजोमेघांत दिसलेल्या हिरव्या रेघांवरून 'नेब्युलियम' हे मूलद्रव्य कल्पिले गेले. १९२७ मध्ये कळले की तो दोन इलेक्ट्रॉन गमावलेला ऑक्सिजन आहे. १८६९ च्या ग्रहणात सूर्याच्या प्रभामंडळात एक हिरवी रेघ दिसली आणि तिच्यासाठी 'कोरोनियम' हे नाव आले. १९४० च्या सुमारास उलगडा झाला की ते प्रचंड तापमानात १३ इलेक्ट्रॉन गमावलेले लोखंड आहे. म्हणजे आकाशातील अनोळखी रेघांवरून सुचलेल्या या तीन नावांपैकी दोन खोटी ठरली. हेलियम खरा ठरला, तो पृथ्वीवर सापडला म्हणून.

पृथ्वीवर तो कुणाला सापडला?

१८९५ मध्ये लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजातील विल्यम रॅम्से यांना. लॉर्ड रेले यांच्यासोबत त्यांनी नुकताच हवेतील आरगॉन शोधला होता. आरगॉनची संयुगे कुठे मिळतील, याच्या ते शोधात होते. युरेनियम असलेल्या खनिजावर आम्ल टाकले की एक निष्क्रिय वायू निघतो, असे अमेरिकेतील विल्यम हिलेब्रँड यांनी आधीच नोंदवले होते. हिलेब्रँड यांनी तो नायट्रोजन मानला होता.

रॅम्से यांनी क्लेव्हाइट हे खनिज मिळवले, त्यावर आम्लाची क्रिया केली आणि निघालेल्या वायूचा वर्णपट पाहिला. त्यात एक झगझगीत पिवळी रेघ होती, सोडियमच्या जागेपासून किंचित सरकलेली. खात्रीसाठी त्यांनी वायूच्या नळ्या विल्यम क्रुक्स आणि लॉकियर यांच्याकडे पाठवल्या. मार्च १८९५ च्या अखेरीस पक्के झाले की ही डी-३ च आहे. स्वीडनमध्ये क्लेव्ह आणि लँग्ले यांनीही स्वतंत्रपणे तेच दाखवले.

लॉकियर तेव्हा ५८ वर्षांचे होते. दाव्याला २७ वर्षे होत आली होती. त्यांनी लगेच खनिजे गोळा करून स्वतःही प्रयोग सुरू केले. मध्येच एक पेच आला. प्रयोगशाळेतील रेघ बारकाईने पाहता जोडरेघ निघाली, सूर्यातील मात्र एकेरी वाटत होती. काही महिन्यांतच सूर्यातील रेघही जोडरेघ असल्याचे दिसले आणि वाद मिटला.

रॅम्से यांचाही भारताशी संबंध आहे. जमशेटजी टाटा यांच्या नियोजित विज्ञान संस्थेसाठी १९०० मध्ये त्यांनी भारताचा दौरा केला आणि बंगळूरुची शिफारस केली. तीच आजची भारतीय विज्ञान संस्था.

मग विजयदुर्गावर लॉकियर कधी आले?

लॉकियर पहिल्यांदा भारतात आले ते डिसेंबर १८७१ च्या ग्रहणासाठी. तेव्हा त्यांनी आजच्या केरळमधील बेकल किल्ल्यावरून निरीक्षण केले. त्याआधी १८७० च्या ग्रहणासाठी सिसिलीला जाताना त्यांचे जहाज खडकावर आदळून फुटले होते. माणसे वाचली, पण ग्रहणाच्या वेळी ढगांनी घात केला होता.

विजयदुर्गाची मोहीम झाली २२ जानेवारी १८९८ रोजी. त्या ग्रहणाचा खग्रास पट्टा कोकण किनाऱ्यावरून देशावर गेला. लॉकियर यांनी विजयदुर्ग निवडले. जुन्या इंग्रजी कागदपत्रांत ते 'व्हिझियाड्रुग' असे लिहिलेले आढळते. ब्रिटिश नौदलाची 'मेलपोमिनी' ही युद्धनौका मदतीला होती. खलाशांना आधी तालीम देऊन निरीक्षणाच्या कामाला लावले गेले. खग्रास अवस्था फक्त दोनेक मिनिटे टिकणार होती. तेवढ्यात छायाचित्रे, वर्णपट, रेखाटने सगळे उरकायचे होते.

याच ग्रहणासाठी अमेरिकेच्या लिक वेधशाळेची तुकडी सोलापूर जिल्ह्यातील जेऊरला होती. पुण्याच्या विज्ञान महाविद्यालयातील प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगमवाला यांनीही जेऊरलाच तळ ठोकला होता. महाराष्ट्रातील आधुनिक खगोलशास्त्राच्या इतिहासात ही नोंद महत्त्वाची आहे.

उपकरणे हलू नयेत म्हणून अशा मोहिमांत पक्के चौथरे बांधावे लागत. किल्ल्यावरील 'साहेबाचे ओटे' या १८९८ च्या मोहिमेशी जुळतात. लॉकियर, ग्रहण आणि हेलियम ही तीन नावे तिथे एकत्र आली आणि कालांतराने १८९८ च्या आठवणीला १८६८ ची तारीख चिकटली, असे दिसते.

कारकून ते 'नेचर'चे संपादक

लॉकियर यांचे सर्वात टिकाऊ काम कदाचित हेलियम हेही नसेल. ४ नोव्हेंबर १८६९ रोजी त्यांनी 'नेचर' हे साप्ताहिक सुरू केले. मॅकमिलन या प्रकाशन संस्थेने अनेक वर्षे तोटा सोसून ते चालवले. लॉकियर १९१९ पर्यंत, म्हणजे ५० वर्षे त्याचे संपादक होते. आज जगातील सर्वात प्रतिष्ठित विज्ञान नियतकालिकांत त्याची गणना होते.

पदवी नसलेल्या या कारकुनाला १८६९ मध्येच रॉयल सोसायटीचे सदस्यत्व मिळाले. पुढे ते साउथ केन्सिंग्टन येथील सौर भौतिकी वेधशाळेचे संचालक झाले आणि १८९७ मध्ये त्यांना 'सर' हा किताब मिळाला.

त्यांचे सगळेच अंदाज बरोबर ठरले नाहीत. सर्व खगोल उल्कांच्या थव्यांपासून बनले, हा त्यांचा सिद्धांत टिकला नाही. ताऱ्यांच्या उष्णतेत मूलद्रव्ये फुटून अधिक साध्या घटकांत बदलतात, हे त्यांचे म्हणणेही रसायनशास्त्रज्ञांनी फेटाळले. पण त्यामागची त्यांची निरीक्षणे खरी होती. तापमान वाढले की काही रेघा ठळक होतात, हे त्यांनी पाहिले होते. त्याचे योग्य कारण १९२० मध्ये मेघनाद साहा यांनी दिले. मूलद्रव्य फुटत नाही, अणू इलेक्ट्रॉन गमावतो. साहा त्यानंतर लंडनमध्ये ज्यांच्या प्रयोगशाळेत गेले, ते आल्फ्रेड फाउलर हे लॉकियर यांचेच जुने सहायक.

इजिप्तची मंदिरे आणि इंग्लंडमधील स्टोनहेंज यांची बांधणी सूर्य-ताऱ्यांच्या दिशेनुसार झाली असावी, यावरही त्यांनी लिहिले. त्यांनी काढलेला स्टोनहेंजचा काळ पुढील उत्खननांत चुकीचा ठरला. मात्र प्राचीन वास्तू आणि आकाश यांचा संबंध तपासणाऱ्या अभ्यासशाखेची सुरुवात त्यांच्यापासून मानली जाते. निवृत्तीनंतर त्यांनी डेव्हन परगण्यात सिडमथजवळ वेधशाळा उभारली. तेथेच १६ ऑगस्ट १९२० रोजी वयाच्या ८४ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.

हेलियम आज कुठे लागतो?

आवर्त सारणीतील हे दुसऱ्या क्रमांकाचे मूलद्रव्य. सूर्याच्या वस्तुमानाचा सुमारे चौथा भाग हेलियमचा आहे, पण पृथ्वीच्या हवेत तो दहा लाखांत पाच भागच आहे. हलका असल्याने तो वातावरणातून अवकाशात निसटतो आणि कशाशीही सहसा संयोग करत नाही. म्हणूनच तो इतका काळ सापडला नाही. पृथ्वीवरचा हेलियम युरेनियम आणि थोरियम यांच्या किरणोत्सर्गातून खडकांत तयार होतो. रॅम्से यांना तो युरेनियमच्या खनिजातच का मिळाला, याचे उत्तर हेच.

- एमआरआय : हेलियम उणे २६९ अंश सेल्सिअसला द्रवरूप होतो. रुग्णालयांतील बहुतेक एमआरआय यंत्रांचे अतिवाहक चुंबक या द्रवात थंड ठेवले जातात.
- अवकाश : अग्निबाणांच्या इंधन टाक्यांत दाब राखण्यासाठी तो वापरतात.
- उद्योग : चिप आणि ऑप्टिकल फायबर बनवताना, वेल्डिंगमध्ये आणि सूक्ष्म गळती शोधण्यासाठी.
- पाणबुडे : खोल पाण्यात नायट्रोजनऐवजी ऑक्सिजनसोबत हेलियम दिला जातो.
- संशोधन : सर्नच्या लार्ज हॅड्रॉन कोलायडरमध्ये सुमारे १२० टन हेलियम लागतो.
- फुगे : हायड्रोजनप्रमाणे तो पेट घेत नाही, म्हणून हवाई जहाजे व फुग्यांसाठी सुरक्षित.

तो नैसर्गिक वायूच्या काही मोजक्या साठ्यांतूनच वेगळा काढता येतो. अमेरिका आणि कतार हे मोठे उत्पादक आहेत. २०१७ मध्ये कतारची नाकेबंदी झाली, तेव्हा जगभर पुरवठ्यावर ताण आला. भारत आपली जवळपास सगळी गरज आयातीतून भागवतो.

श्रेय कुणाचे?

ग्रहणाशिवाय ज्वाला पाहण्याचे श्रेय जानसेन आणि लॉकियर या दोघांचे. पिवळी रेघ वेगळ्या मूलद्रव्याची आहे, हे ओळखण्याचे श्रेय लॉकियर यांचे. ते मूलद्रव्य हातात आणून देण्याचे श्रेय रॅम्से यांचे. १८ ऑगस्ट ही तारीख खरी आहे, पण तिचे ठिकाण गुंटूर आहे. विजयदुर्गाची तारीख २२ जानेवारी १८९८. हेलियम ओळखणारा माणूस, त्याचा दावा सिद्ध झाल्यानंतर अवघ्या तीन वर्षांत, या किल्ल्यावरून त्याच सूर्याचे वर्णपट टिपत होता, इतके तर विजयदुर्गाबद्दल खात्रीने सांगता येते. पुढच्या ऑगस्टमध्ये मेसेज फॉरवर्ड करताना एवढी दुरुस्ती करायला हरकत नाही.